शेतात पूर घ्यायचा, तर पैसे कशाचे घ्यायचे? मोबदल्याच्या पाच योजनांचं परीक्षण

खालच्या अंगाचं शहर वाचवायचं तर नदीचं जादा पाणी वर कुठेतरी पसरू द्यावं लागतं, आणि ती जागा बहुतेक वेळा कुणाच्या तरी मालकीचं शेत असते. त्या मालकापुढे सरकार एक कागद ठेवतं. त्यात कधी जमीन विकत घेण्याचा प्रस्ताव असतो, कधी फक्त पाणी सोडण्याचा कायमचा हक्क मागितलेला असतो, म्हणजे ज्याला ईझमेंट म्हणतात तो. कधी दोन्हींचं मिश्रण असतं. असे पाच कागद इथे तपासले आहेत: अमेरिकेतले दोन आणि जपान, हंगेरी, नेदरलँड्स यांचा एकेक. एकरी दर किती मोठा, हा आमचा पहिला निकष नाही. पहिल्या पुराचे पैसे सगळेच देतात. दुसऱ्या, पाचव्या, नवव्या पुराचा खर्च कुणाच्या माथी, यावर योजना पास की नापास ते ठरवलं आहे.

आधी हिशेब, कारण त्याशिवाय पुढचं काहीच कळणार नाही. एका एकराची बाजारातली किंमत १०० धरा. पूर आला की उभं पीक गेलं, त्याचे ८. गाळ-वाळू काढणं, चर साफ करणं, पुढच्या वर्षीची उत्पन्नातली घट, याचे ६. एका पुराला १४ झाले. दहा वर्षांतून एकदा पाणी येणार असेल तर वर्षाकाठी सरासरी १.४ चा तोटा, आणि तो कायमचा. ४ टक्के व्याजाने या कायमच्या तोट्याची आजची किंमत ३५ होते. म्हणजे जमीन मालकाकडेच राहणार असली, तरी एकरकमी मोबदला किमतीच्या ३५ टक्क्यांखाली असेल तर मालक स्वतःच्या खिशातून शहराचा पूर अडवतोय. पाणी पंचवीस वर्षांनी एकदा येणार असेल तर हाच आकडा १४ होतो. पाच वर्षांनी एकदा आलं तर ७०. आणि यात अजून धरलेलं नाही की असा बोजा चढलेली जमीन विकताना कमी भाव मिळतो आणि बँक तिच्यावर कर्ज देताना हात आखडते.

थोडक्यात, एकरकमी करारात मालक जे विकतो ती पुराची वारंवारता असते. ती कागदावर लिहिलेली नसेल तर त्याने किती विकलं हे त्यालाच माहीत नसतं.

अमेरिका: पूरमैदान ईझमेंट

हा कार्यक्रम अमेरिकी कृषी खात्याची नैसर्गिक संसाधन संवर्धन सेवा चालवते. मुळात आपत्तीनंतर पाणलोट दुरुस्त करण्यासाठी असलेल्या कार्यक्रमाला १९९६च्या शेती कायद्याने ही शाखा जोडली. पात्रतेचे निकष सुटसुटीत आहेत: जमिनीचं मागच्या वर्षभरात एकदा तरी किंवा मागच्या दहा वर्षांत किमान दोनदा पुराने नुकसान झालेलं हवं. पूर साठवायला किंवा वाहून न्यायला उपयोगी पडणारी पूरमैदानातली इतर जमीन आणि धरण फुटल्यास बुडणारी जमीनसुद्धा चालते.

मोबदला तीन आकड्यांतला सर्वांत लहान असतो. पहिला आकडा मूल्यांकनातून आलेली बाजारभावाची किंमत, दुसरा त्या भागासाठी खात्याने ठरवलेली कमाल दरमर्यादा, आणि तिसरा मालकाने स्वतः मागितलेली रक्कम. तिसरा आकडा का ठेवलाय, असा प्रश्न पडेल. अर्ज जास्त आणि पैसा कमी असतो तेव्हा क्रमवारी लागते, आणि कमी मागणारा वर सरकू शकतो. सरकारच्या बाजूने हे हुशारीचं आहे. मालकाच्या बाजूने पाहिलं तर नुकत्याच बुडालेल्या, हातात रोकड नसलेल्या माणसाकडून स्वतःच्याच विरुद्ध बोली लावून घेण्याचा हा प्रकार आहे. शेजाऱ्याने किती मागितले याचा अंदाज न घेता घाईत आकडा लिहू नये.

मोजणी, मूल्यांकन आणि दस्ताचा खर्च खातं करतं. जमीन पूर्ववत करण्याचा खर्चही १०० टक्क्यांपर्यंत मिळू शकतो: बांध फोडणं, चर बुजवणं, स्थानिक झाडं लावणं. मालकी मालकाचीच राहते. कुणाला आत येऊ द्यायचं हे तोच ठरवतो, शिकार-मासेमारी करू शकतो, आणि परवानगी मिळाली तर गवत कापणं, चराई, लाकूडतोड यांपैकी काही चालतं. पेरणी मात्र संपली. जमिनीचा कर मालकच भरत राहतो, ही बारीक अक्षरातली ओळ बऱ्याच जणांच्या नंतर लक्षात येते.

अडतं कुठे? एक, गहाणावर. जमिनीवर कर्ज असेल तर सावकाराने किंवा बँकेने ईझमेंटला आपल्या बोज्याच्या वरचं स्थान द्यावं लागतं. बँक त्याबदल्यात मोबदल्यातला मोठा हिस्सा कर्जात वळता करायला सांगते. म्हणून अर्जाआधी बँकेकडे जावं, मंजुरीनंतर नव्हे. दोन, घर असेल तर. ईझमेंटच्या जागेतलं घर पाडावं किंवा हलवावं लागतं, आणि घर उठल्यावर उरलेली ती जागा विकत घेणारी स्थानिक संस्था पुढे यावी लागते. ती नसेल तर प्रकरण तिथेच थांबतं. तीन, आणि हा सर्वांत मोठा दोष: ही खिडकी कायम उघडी नसते. मोठ्या आपत्तीनंतर अमेरिकी संसद जादा निधी मंजूर करते, मग ठरावीक राज्यांत ठरावीक मुदतीसाठी अर्ज घेतात. २००९च्या आर्थिक उभारणी कायद्यातून या ईझमेंटसाठी १४.५ कोटी डॉलर आले, तेव्हा मागणी त्याच्या कित्येक पट होती. ज्याची जमीन भलत्या वर्षी बुडाली त्याला काही नाही.

एक उदाहरण मात्र वाखाणण्यासारखं. आयोवा राज्यात लुईसा परगण्यात आयोवा नदीकाठी आठ क्रमांकाचा बांध-जिल्हा, म्हणजे बांध राखणारी स्थानिक संस्था आणि तिच्या हद्दीतली जमीन, होता. १९९३च्या महापुरात बांध फुटल्यावर तो पुन्हा बांधायचा की सोडून द्यायचा असा प्रश्न आला. मालकांनी हक्क आणि जमिनी दिल्या, बांध-जिल्हा बरखास्त झाला आणि ती जागा वन्यजीवांसाठी मोकळी झाली. हे जमलं कारण सगळे एकत्र आले. बांधामागे वीस मालक असतील आणि एकोणीस तयार असतील, तर विसाव्यासाठी बांध राखावाच लागतो, आणि मग एकोणीस जणांना पैसे देऊनही नदीला जागा मिळत नाही. गटाने अर्ज करा, ही सूचना पत्रकात पहिल्या पानावर छापायला हवी.

शेती सोडायची मनाची तयारी असेल, जमीन वारंवार बुडणारी असेल, तर हा पाचांतला सर्वांत स्वच्छ व्यवहार आहे. पाणी किती वेळा येतं याची चिंताच उरत नाही, कारण बुडायला पीकच नसतं. कसत राहायचं असेल तर याच्या वाटेला जाऊ नका.

अमेरिका: बर्ड्स पॉइंट–न्यू माद्रिद पूरमार्ग

१९२७च्या मिसिसिपी महापुरानंतर १९२८च्या पूरनियंत्रण कायद्याने आखलेला हा मार्ग, म्हणजे महापुराचं पाणी वळवण्यासाठी राखलेला पट्टा, मिसुरी राज्यात आहे. सुमारे १,३०,००० एकर, बहुतेक कसदार शेती. ओहायो आणि मिसिसिपीच्या संगमावरच्या कैरो या अमेरिकी गावापाशी पाणी धोक्याच्या पातळीला पोचलं की सैन्याची अभियंता शाखा नदीकाठचा बांध स्फोटकांनी उडवते. बांधात पुरलेल्या नळ्यांमध्ये ऐनवेळी द्रवरूप स्फोटक भरतात. सरकारने इथे पाणी सोडण्याचे हक्क एकरकमी, कायमचे घेऊन ठेवले आहेत, आणि त्यातले बरेचसे कित्येक दशकांपूर्वीचे आहेत. मार्ग १९३७ साली वापरला, त्यानंतर थेट २ मे २०११ रोजी.

चौऱ्याहत्तर वर्षांचं हे अंतर हाच या योजनेचा खरा आजार आहे. ज्यांनी पैसे घेतले ते गेले, त्यांच्या वारसांनी विकलं, पुढच्यांनी घरं बांधली, धान्याची कोठारं उभारली, सिंचनाची यंत्रं बसवली. हक्क दस्तात होता, पण व्यवहारात कुणाच्या ध्यानीमनी नव्हता. २०११ साली पिनहुक हे मार्गातलं छोटं, मुख्यतः कृष्णवर्णीयांचं गाव कायमचं उठलं. घर गेलेल्याला कुणाच्या तरी आजोबांनी घेतलेल्या रकमेचा काय उपयोग?

शेतीचं नुकसानही एकसारखं नव्हतं, आणि हे नीट समजून घेण्यासारखं आहे. शांतपणे चढलेलं पाणी उतरलं त्या बऱ्याच शेतांत त्याच हंगामात सोयाबीन पेरता आलं. पण पाणी जिथून वेगाने आत घुसलं तिथे जमीन खरवडून निघाली. ओब्रायन रिज या उंचवट्यावर खोल घळी पडल्या. अशी जागा नांगराने सावरत नाही. भराव, माती, सपाटीकरण असा तो बांधकामाचाच खर्च होतो. पाणी सोडण्याचा हक्क म्हणजे घळ पाडण्याचाही हक्क का, हा वाद जुन्या दस्तांच्या शब्दांवर अडतो. शिवाय उडवलेला बांध लगेच पूर्ण उंचीला आला नाही, आधी कमी उंचीवर बांधला गेला. मधल्या काळात साध्या पुराचंही पाणी आत येण्याचा धोका कुणाचा? बांध किती दिवसांत परत उभा राहील, ही ओळ अशा प्रत्येक करारात हवी.

एक बाब मालकांच्या बाजूची झाली. पाणी माणसाने सोडलं म्हणून पीकविमा नाकारणार का, ही भीती होती. कृषी खात्याने ते नैसर्गिक पुराचंच नुकसान धरलं. दुसरीकडे असंच होईल असं गृहीत धरू नये. विम्याच्या कागदात 'हेतुपुरस्सर सोडलेलं पाणी' या प्रसंगाबद्दल काय लिहिलंय ते सहीआधी विचारून घ्यावं, आणि उत्तर लेखी घ्यावं.

गुण द्यायचे तर पाचपैकी दीड. अर्धा गुण फक्त यासाठी की हक्क निदान रीतसर विकत घेतले होते.

कारण न घेतल्यावर काय होतं तेही याच देशात दिसलं. ह्यूस्टनच्या पश्चिमेला १९४०च्या दशकात बांधलेल्या ॲडिक्स आणि बार्कर या पूरधरणांमागे भरलं तर जेवढं पाणी चढू शकतं, त्यापेक्षा कमी जमीन सरकारने ताब्यात घेतली होती. मधल्या पट्ट्यात वसाहती झाल्या. २०१७च्या हार्वे वादळात धरणं शहर वाचवत होती आणि मागच्या घरांत पाणी शिरत होतं. डिसेंबर २०१९मध्ये संघराज्याच्या दावा न्यायालयाने सरकारला जबाबदार धरलं: पाणी साठवण्याचा हक्क सरकारने पैसे न देता घेतला, असा निकालाचा आशय. त्याआधी २०१२ साली अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाने आर्कान्सा राज्याच्या वनजमिनीच्या खटल्यात एकमताने सांगितलं होतं की पूर तात्पुरता आहे, एवढ्या कारणाने भरपाईचा दावा फेटाळता येत नाही. क्लिअरवॉटर धरणातून नेहमीच्या वेळापत्रकाबाहेर पाणी सोडल्याने तिथली झाडं मेली होती. ज्यांच्याकडे कुठलाच कागद नाही त्यांच्यासाठी हे दोन निकाल महत्त्वाचे, पण कोर्टाचा रस्ता वर्षानुवर्षांचा आहे. त्याला योजना म्हणता येत नाही.

जपान: इचिनोसेकीचं पूरक्षेत्र

इवाते प्रांतात किताकामी नदी इचिनोसेकीच्या खाली अरुंद दरीत शिरते, त्यामुळे पाणी मागे तुंबतं. १९४७ आणि १९४८ अशी लागोपाठ दोन वर्षं वादळांनी शहर बुडवलं. उपाय म्हणून शहराभोवती उंच बांध आणि नदीलगतच्या सुमारे १,४५० हेक्टर भातशेतीपुढे बुटके बांध घातले. नेहमीचे छोटे पूर बुटका बांध थोपवतो. साधारण दहा वर्षांतून एकदा येणाऱ्या पातळीपुढे पाणी शेतात उतरतं.

जमीन शेतकऱ्याचीच, फक्त पाणी घेण्याचा हक्क दस्तऐवजात नोंदवलेला. मोबदला एकदाच. पुढच्या प्रत्येक पुरात गेलेल्या पिकाचे पैसे वेगळे देण्याची या पद्धतीत सोय नाही; तिथे शेतीविम्यावर भिस्त. एकरकमी असूनही आम्ही हिला बर्ड्स पॉइंटच्या बरीच वर ठेवतो, कारण वारंवारता मातीत बांधून दिलेली आहे. बुटक्या बांधाची उंची हीच कराराची अट. अधिकाऱ्याला वाटलं म्हणून दरवाजा उघडला, असं होत नाही. शिवाय पूर्वी दरवर्षी भिजणारी शेतं आता छोट्या पुरांपासून वाचतात, म्हणजे मालकाला काही परतही मिळतं. उणीव एवढीच की दहा वर्षांचा पूर उद्या सहा वर्षांनी येऊ लागला तर बांधाची उंची तीच राहील आणि मोबदलाही तोच.

हंगेरी: तिसा नदीचे साठे

१९९८ ते २००१ या काळात तिसाला लागोपाठ मोठे पूर आले. नदीकाठचे बांध आणखी उंच करत बसण्याऐवजी २००४च्या कायद्याने बांधांबाहेर दरवाजे असलेले साठे बांधायचं ठरलं. सिगांद, तिसारॉफ आणि पुढे आणखी काही. तिसारॉफचा साठा सुमारे ९.७ कोटी घनमीटरचा, आणि तो प्रत्यक्षात पहिल्यांदा २०१०च्या जूनमध्ये भरला. एरवी आत गहू, मका, सूर्यफूल अशी नेहमीची शेती चालते.

मोबदला दोन भागांत मिळतो. साठा बांधताना जमिनीवर चढणाऱ्या बोज्यासाठी एक रक्कम; आणि पाणी सोडलं की त्या वेळच्या नुकसानाची भरपाई सरकारकडून. वरच्या हिशेबात ८ आणि ६ यांचा भार मालकाच्या डोक्यावरून उतरला. पूर पाच वर्षांनी आला काय किंवा पंचवीस वर्षांनी, जोखीम दरवाजा उघडणाऱ्याची. जर्मनीत बव्हेरियातल्या डॅन्यूबकाठच्या पूरक्षेत्रांतही साधारण हाच सांगाडा वापरतात: जमिनीच्या नोंदीत हक्क, त्याचा एकदाच मोबदला, आणि पाणी आलं तर पिकाचे वेगळे पैसे. कसत राहणाऱ्या शेतकऱ्याने हाच नमुना मागावा असं आमचं स्पष्ट मत आहे.

दोष नाहीत असं नाही. भरपाई पूर्ण मिळणार म्हटल्यावर साठ्यात पाण्याने वाया जाणारं पीक घेणं कुणी थांबवत नाही. मग दरवाजा उघडण्याचा प्रत्येक निर्णय महाग पडतो आणि अधिकारी शेवटच्या क्षणापर्यंत टाळाटाळ करतात. मूळ आराखड्यात साठ्यांच्या जागी कुरणं, जंगल, मासेमारी अशा पाण्याशी जुळवून घेणाऱ्या शेतीला उत्तेजन द्यायचं होतं. तो भाग मागे पडला आणि काँक्रीटचे दरवाजे मात्र झाले. गवताळ कुरणाला वार्षिक रक्कम आणि नांगरलेल्या शेताला पुरापुरती भरपाई, असे दोन दर ठेवले असते तर हे टळलं असतं.

नेदरलँड्स: ओव्हरडीप पोल्डर

'नदीला जागा' या राष्ट्रीय कार्यक्रमात तीसहून अधिक ठिकाणी नद्यांना पसरायला वाट करून दिली. उद्दिष्ट असं की ऱ्हाइन देशात शिरते त्या लोबिथपाशी सेकंदाला १५,००० ऐवजी १६,००० घनमीटर पाणी सुखरूप वाहून जावं. त्यातला हा पोल्डर, म्हणजे बांध घालून पाण्यापासून राखलेली सखल जमीन, बर्गशे मास नदीकाठी, सुमारे ५५० हेक्टरचा. आत सतरा शेतं होती, मुख्यतः दुधाचा धंदा. नदीकाठचा बांध बुटका करून साधारण पंचवीस वर्षांतून एकदा पाणी आत घ्यायचं ठरलं.

इथे तोडगा शेतकऱ्यांनीच मांडला: मागच्या बाजूला, नव्या बांधालगत, सुमारे सहा मीटर उंचीचे मातीचे चौथरे घाला, त्यावर घर आणि गोठे बांधून द्या, खालची कुरणं भिजली तर भिजू देत. अर्थात तेवढ्याच जमिनीत सगळे मावत नव्हते. आठ शेतं चौथऱ्यांवर राहिली, बाकीच्यांना मोबदला देऊन बाहेर काढलं. डच पद्धतीत जमीन घेताना फक्त जमिनीचा भाव देऊन भागत नाही. उत्पन्नातलं नुकसान, स्थलांतर, नव्या जागी बस्तान बसेपर्यंतचा खर्च, सल्लागाराची फी, हे सगळं भरपाईत धरतात. हिशेबाचा पाया एक प्रश्न: व्यवहारानंतर या माणसाची आर्थिक स्थिती आधीसारखी आहे का?

एवढं चांगलं असूनही पूर्ण गुण नाहीत, आणि कारण वेळ. कल्पना २०००च्या सुमाराला मांडली गेली, काम संपलं २०१५ साली. पंधरा वर्षं ज्याचं शेत नकाशावर निळं रंगवलेलं आहे, त्याने नवा गोठा बांधायचा की नाही? बँक कर्ज देईना, विकायला गेलं तर गिऱ्हाईक मिळेना, मुलाला धंद्यात घ्यावं की नको ते ठरेना. या थांबलेल्या काळाचे पैसे कुठल्याही देशाच्या कागदात नीट धरलेले दिसत नाहीत. घोषणा झाल्या दिवसापासून अंतिम दस्तापर्यंत दर वर्षी ठरावीक टक्के, अशी ओळ मागावी.

कागदात काय तपासायचं

योजना कुठलीही असो, पैसे बुडतात ते बहुतेक वेळा चार-पाच ठरलेल्या जागी.

पाणी किती दिवस उभं राहिलं, हे पाणी किती खोल होतं यापेक्षा जास्त महत्त्वाचं. कोवळा, गुडघ्याखालचा मका थंड हवेत दोन ते चार दिवस पाण्याखाली तग धरतो. पाणी २५ अंशांच्या वर तापलं तर चोवीस तासही काढत नाही, कारण कोमट पाण्यातला प्राणवायू लवकर संपतो. बटाटा एक-दोन दिवसांत सडायला लागतो. थंडीतलं सुप्त गवत आठवडे काढतं. म्हणून करारात पाणी सोडण्याचा महिना आणि ते बाहेर काढण्याची मुदत दोन्ही हवं. नदी उतरली तरी आतलं पाणी लगेच जात नाही. निचऱ्याचा दरवाजा शेताच्या सर्वांत खोल कोपऱ्यात आहे का, त्यातून दिवसाला किती पाणी जातं, आणि तो अडला तर पंप कुणाचा, डिझेल कुणाचं? साठा भरायचा दरवाजा भला मोठा आणि रिकामा करायची मोरी चिंचोळी, ही चूक बघायला जावं तिथे सापडते.

वाळूचा हिशेब वेगळा मागावा. पाच सेंटिमीटरपर्यंत थर असेल तर नेहमीच्या मशागतीत मिसळतो. पाच ते वीस सेंटिमीटरला खोल नांगरट लागते. वीस ते साठपर्यंत खास मोठा नांगर, आणि त्यापुढे वाळू उचलून नेण्यावाचून गत्यंतर नाही. उचलायचं म्हणजे किती? एका हेक्टरवर फक्त दहा सेंटिमीटर वाळू साचली तरी ती १,००० घनमीटर भरते, वजनाने साधारण १,५०० टन. दहा टनी ट्रकच्या दीडशे फेऱ्या. आणि टाकायची कुठे? भरपाईच्या दरपत्रकात 'जमीन पूर्ववत करणे' एवढंच लिहिलं असेल तर त्याखाली थराच्या जाडीप्रमाणे दर लिहून घ्यावेत.

पुढच्या वर्षीची घट हा दावा बहुतेक जण करतच नाहीत. बराच काळ पाण्याखाली राहिलेल्या मातीत मुळांना स्फुरद मिळवून देणारी बुरशी मरते. पुढच्या हंगामातला मका जांभळट, खुरटा निघतो. खत घालूनही पूर्ण भरून येत नाही. भरपाईचा कालावधी निदान दोन हंगामांचा हवा. फळबागेला तर झाड मेलं की नवीन झाड उत्पन्नाला येईपर्यंतचा. भाजीपाल्याची गोष्ट आणखी कडक आहे. अमेरिकेच्या अन्न-औषध प्रशासनाच्या मते खाण्याचा भाग पुराच्या पाण्यात बुडाला की तो माल माणसांच्या खाण्यासाठी विकता येत नाही. शेतात उभं असलेलं पीक डोळ्यांना चांगलं दिसतं आणि तपासणीस निम्मं नुकसान लिहून जातो, तेव्हा हा मुद्दा पुढे करावा.

पुराआधीची स्थिती कागदावर नसेल तर पुरानंतरच्या पंचनाम्याला अर्थ नाही. करारावर सही करण्याच्या वर्षीच मातीच्या तपासण्या, जमिनीखालच्या निचरा-नळ्यांचा नकाशा, विहिरीच्या पाण्याचा अहवाल, कुंपणं आणि मोटारींची यादी, आणि जमिनीच्या उंचीची मोजणी करून दोन्ही बाजूंच्या सह्या घ्याव्यात. उंचीची मोजणी असेल तर वाळू किती साचली आणि माती किती वाहून गेली हे वाद न घालता वजाबाकीने निघतं. गेल्या पाच वर्षांची उत्पन्नाची आणि खत-बियाण्याची बिलं जपून ठेवावीत, कारण सरासरी त्यांवरूनच काढतात.

पैसे कुणाच्या खात्यात जाणार हेही लिहून ठेवावं. जमिनीवरच्या बोज्याचा मोबदला मालकाचा, पण गेलेलं पीक खंडाने कसणाऱ्याचं. करारात फक्त मालकाचं नाव असलं की खंडकऱ्याला भरपाईसाठी मालकामागे फिरावं लागतं, आणि अशाने चांगले संबंध तुटतात.

आणि वारंवारतेची अट. पूर्वी घेतलेला हक्क नव्या कामाला पुरतो असं सरकार धरून चालतं. कॅलिफोर्नियातल्या योलो बायपास या पूरमार्गात भात-टोमॅटोच्या शेतांवर पुराचं पाणी सोडण्याचे हक्क जुनेच आहेत. पण सामन माशांच्या पिलांसाठी फ्रेमाँट बंधाऱ्यात खाच पाडून जास्त दिवस पाणी घ्यायचं ठरलं, तेव्हा त्या जादा दिवसांसाठी मालकांकडून नवे हक्क घेण्याची वेळ आली. म्हणून एकरकमी करारात अशी ओळ असावी: कुठल्याही दहा वर्षांत दोनपेक्षा जास्त वेळा पाणी सोडलं, किंवा ठरलेल्या दिवसांपेक्षा ते जास्त काळ उभं राहिलं, तर तिसऱ्या वेळेपासून प्रत्येक पुराचं नुकसान वेगळं मिळेल आणि मूळ मोबदल्याचा फेरविचार होईल. सूचना किती तास आधी मिळणार, जनावरं कुठे न्यायची आणि त्यांच्या चाऱ्याचा खर्च कुणाचा, भरपाई किती दिवसांत आणि उशीर झाला तर व्याज किती, वाद झाला तर मूल्यांकन करणारा तिसरा माणूस कोण नेमणार, हेही त्याच पानावर. सरकारी मसुद्यात यातलं काही नसलं तर ते जोडपत्र म्हणून लावता येतं, आणि ते लावायची वेळ सहीच्या आधीची असते. मोबदल्याचा धनादेश वटल्यावर कुणी जोडपत्र लावून देत नाही.